झोपेचेही वय वाढते
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



झोपेविषयी बोलावयास उभ्या राहिलेल्या बाईपुढे एक अडचण असते. श्रोत्यांना झोप लागली तर भाषण फसले म्हणावे की सफल झाले म्हणावे, हेच कळत नाही. दुपारचे चार वाजले आहेत, वर्धापनदिनाची जेवणे झालेली आहेत, पंखे चालू आहेत. तेव्हा ज्यांचा डोळा लागेल त्यांनी मुळीच संकोच करू नये. फक्त वीस मिनिटांनी शेजारणीने त्यांना हलवावे. वीसच मिनिटे का, ते ओघात येईलच.

हा विषय मी आपण होऊन मागून घेतला, आणि त्याला कारण झाले. आपल्या मंगळवारच्या भजनाला जमल्यावर पेटी बाहेर निघेपर्यंत ज्या गप्पा होतात, त्यांत हल्ली पहिला प्रश्न असतो, "आज कितीला जाग आली?" कोणी म्हणते तीन, कोणी साडेतीन, आणि जिला पाच वाजता जाग आली तिच्याकडे आपण सर्वजणी अशा पाहतो, जणू तिला लॉटरीच लागली आहे! गेल्या श्रावणात अशाच गप्पा चालल्या असताना एकीने पर्समधून गोळ्यांची पट्टी काढली, दोन गोळ्या कापून दुसरीच्या हातावर ठेवल्या आणि म्हणाली, "घ्या हो, अगदी हलकी आहे, काही होत नाही." नावे सांगत नाही. दोघीही समोर बसल्या आहेत आणि दोघीही माझ्या मैत्रिणी आहेत. त्या दिवशी मी काही बोलले नाही. का बोलले नाही, तेही आज सांगावयाचे आहे.

मी सत्तावीस वर्षे शाळेत विज्ञान शिकविले. पचन शिकविले, रक्ताभिसरण शिकविले, बेडकाचे हृदय फळ्यावर इतक्या वेळा काढले की आजही डोळे मिटून काढीन. पण आयुष्याचा तिसरा हिस्सा ज्यात जातो त्या झोपेविषयी दोन वाक्यांपलीकडे काही शिकविल्याचे मला आठवत नाही. पुढे घरात जे घडले त्यानंतर मी स्वतःसाठी वाचावयास लागले. त्यातले उपयोगाचे तेवढे सांगते.

झोप म्हणजे दिवा मालवल्यासारखी गोष्ट, अशी आपली समजूत असते. तसे नाही. रात्रीची झोप ही साधारण दीड दीड तासाच्या चार-पाच फेऱ्यांची असते. प्रत्येक फेऱ्यात आधी हलकी झोप, मग गाढ झोप आणि शेवटी स्वप्नांची झोप. गाढ झोपेचा वाटा पहिल्या अर्ध्या रात्रीत मोठा, तर स्वप्नांचा पहाटेकडे मोठा. ही स्वप्नांची झोप वेगळी ओळखू आली ती शिकागो विद्यापीठात, आणि १९५३ साली ती जगापुढे आली. ॲसेरिन्स्की नावाच्या विद्यार्थ्याने आपल्याच आठ वर्षांच्या मुलाच्या डोळ्यांजवळ तारा चिकटवून त्याला निजविले, आणि झोपेतच मुलाची बुबुळे पापण्यांआड भरभर फिरू लागल्याचे यंत्राच्या कागदावर उमटले. बापाला आधी यंत्रच बिघडले असे वाटले म्हणतात. (त्या मुलाच्या आईने हे सगळे कसे चालू दिले, हे कोणी लिहून ठेवलेले नाही!) ह्यातला आपल्या कामाचा मुद्दा असा की, एक फेरा संपून दुसरा सुरू होताना प्रत्येक माणूस किंचित जागा होतो. तरुणपणी ती जाग ध्यानात राहत नाही, उतारवयात राहते. म्हणजे "मी रात्रीतून तीनदा उठते" हे बहुतेक वेळा दुखणे नसते. पूर्वीही आपण उठतच होतो, आता तेवढे आपल्याला कळू लागले आहे.

झोप आणणाऱ्या गोष्टी दोन. एक झोपेची भूक आणि दुसरी अंगातले घड्याळ. भूक समजावयास सोपी आहे. सकाळी उठल्यापासून मेंदूत ॲडिनोसिन नावाचे द्रव्य साठत जाते आणि जितके जास्त तास जागे राहावे तितकी झोपेची भूक वाढते. संध्याकाळी सात वाजता टीव्हीपुढे बसून घेतलेली डुलकी म्हणजे जेवणाच्या तोंडावर खाल्लेला चिवडा! मग रात्री अकराला पानावर बसून "आज जेवण जात नाही" म्हणावयाचे. चहा-कॉफीचे काम निराळे. ती भूक भागवीत नाहीत, तिची जाणीव तेवढी दडपून ठेवतात. आणि चहा पोटात गेला की तासाभरात त्याचा अंमल ओसरतो असेही नाही. त्यातले निम्मे कॅफिन शरीराबाहेर जावयास सरासरी पाच तास लागतात, कोणाकोणाला त्याहून जास्त. पाच वाजता घेतलेल्या दोन कपांतला एक कप रात्री दहा वाजता अजून अंगात आहे, असे समजा.

घड्याळाची गोष्ट अधिक नवलाची. दोन्ही डोळ्यांच्या नसा मेंदूत जेथे एकमेकींना ओलांडतात, त्याच्या थोडे वर सुमारे वीस हजार पेशींचा एक लहानसा जोडपुंजका आहे. तेच आपले घड्याळ. चोवीस तासांच्या आसपास त्याचा एक फेरा होतो आणि रोज सकाळचा उजेड डोळ्यांत शिरला की ते पुन्हा लावले जाते. ह्या घड्याळाची चाके पेशीच्या आत कशी फिरतात, हे केळ्यांवर घोंघावणाऱ्या साध्या चिलटांवर प्रयोग करून ज्यांनी शोधले, त्या हॉल, रॉसबॅश आणि यंग ह्या तिघांना २०१७ साली नोबेल पारितोषिक मिळाले.

हे घड्याळ किती हट्टी असते पाहा. त्या ॲसेरिन्स्कीचे गुरू नॅथॅनियल क्लाइटमन १९३८ साली आपल्या एका तरुण सहकाऱ्याला घेऊन अमेरिकेतल्या केंटकी राज्यातील मॅमथ नावाच्या प्रचंड गुहेत जाऊन राहिले. आत सूर्य नाही, कोंबडा नाही, दूधवाला नाही. तेथे त्यांनी दिवस चोवीस तासांचा नव्हे तर अठ्ठावीस तासांचा धरून बत्तीस दिवस काढले. तरुणाचे शरीर नव्या दिवसाला बऱ्यापैकी रुळले. क्लाइटमन त्रेचाळीस वर्षांचे होते. त्यांचे काही रुळले नाही. बाहेरच्या चोवीस तासांप्रमाणेच त्यांना पेंग येई आणि जागही येई. दोन माणसांवरून सिद्धांत काढू नये हे मला ठाऊक आहे. पण पाहुण्यांकडे चार दिवस राहून आल्यावर सुनेची झोप दुसऱ्याच दिवशी जाग्यावर येते आणि आपली आठवडा घेते, हा आपणा सर्वांचा अनुभव आहेच की!

आता हे घड्याळ वयाप्रमाणे कसे सरकते ते पाहावयास प्रयोगशाळेत जाण्याची गरज नाही. तीन पिढ्यांचे एक घर पुरे. तान्हे मूल दिवसाकाठी चौदा ते सतरा तास झोपते, पण त्याला दिवस-रात्र ठाऊक नसते. ती ओळख साधारण दोन-तीन महिन्यांनी होऊ लागते. तोवर "बाळ रात्रीचा दिवस करते" म्हणून बाळंतिणीच्या दुधाला किंवा दृष्टीला बोल लावण्यात अर्थ नाही. दिवसा बाळाला उजेडात ठेवावे, रात्री अंधार आणि कमी बोलणे असावे, आणि बाळ दुपारी निजले की आईलाही निजू द्यावे. त्या वेळी भेटावयास जाऊ नये, हे मी आपल्या मंडळालाही सांगते. मुलाला निजविण्यासाठी औषध देण्याचा मोह आजचा नव्हे. मुंबईच्या गिरण्यांत कामाला जाणाऱ्या बाया तान्ह्या मुलांना अफूची बाळगोळी चारून जात, असे १९२० च्या सुमाराचे अहवाल सांगतात. त्या बिचाऱ्यांना पोटासाठी दुसरा उपाय नव्हता. बाळगोळी गेली, पण गोळी देऊन माणूस गप्प करण्याची आपली सवय गेली का, हा प्रश्न मनात असू द्या.

नातू चौदा-पंधरा वर्षांचा झाला की घड्याळ उलट दिशेला सरकते. रात्री अकरापर्यंत त्याला झोपच येत नाही आणि सकाळी त्याला उठविणे म्हणजे कुंभकर्णाला उठविणे. तो आळशी आहे असे आपण म्हणतो, मीही माझ्या मुलाला पुष्कळ बोलले आहे. वस्तुतः वयात येताना अंगातले घड्याळच तास-दोन तास मागे पडते, आणि त्या वयाला आठ ते दहा तास झोप लागते. २०२४ साली आपल्या राज्यसरकारने चौथीपर्यंतचे वर्ग सकाळी नऊच्या आधी भरवू नयेत असे ठरविले, ते चांगलेच झाले. पण पहाटे सर्वांत जास्त झोप ज्याला हवी असते तो चौथीतला नव्हे, दहावीतला! त्याच्या हातात रात्री मोबाईल असतो हे खरेच. तो बाहेर ठेवावयास लावा. पण तो त्याच्या उशाशी असतो तसाच आपल्याही उशाशी असतो, हे सांगताना मला बरे वाटत नाही.

मधल्या वयाच्या भगिनींविषयी थोडक्यात सांगते, कारण त्यांच्या झोपेचे मोठे शत्रू म्हणजे घरकाम आणि लोकल, आणि त्यांवर माझ्याकडे तोडगा नाही. पाळी जाण्याच्या सुमारास रात्री एकदम अंगातून गरम वाफ निघते, घाम फुटतो, पांघरूण फेकावेसे वाटते आणि दहा मिनिटांनी थंडी वाजते. हे मनाचे खेळ नव्हेत, त्यावर उपचार आहेत. डॉक्टरीणबाईंना स्पष्ट सांगावे.

आता आपण, साठीच्या पलीकडच्या. आपले घड्याळ पुढे सरकते. संध्याकाळी लवकर पेंग, पहाटे लवकर जाग. गाढ झोप पातळ होते; ती तर पुष्कळ आधीपासूनच कमी होऊ लागलेली असते. डोळ्यांतले भिंग वयाबरोबर पिवळट होत जाते आणि घड्याळाला हवा असलेला निळसर उजेड आत कमी जातो. त्यातून आपण दिवसभर घरात, खिडक्यांना पडदे! मात्र म्हाताऱ्या माणसाला चार तास झोप पुरते ही समजूत बरोबर नाही. सात-आठ तास आपल्यालाही लागतात. ती झोप हरवलेली नसते, सरकलेली आणि विरळ झालेली असते, एवढेच. जुनेर झालेल्या लुगड्यासारखी. जुन्या लुगड्याला नव्यासारखे ओढले की ते फाटते.

ही ओढाताण मी एकदा केली आहे, आणि आता ते सांगते.

१९९४ साली आम्ही येथेच, स्टेशनाजवळच्या दोन खोल्यांत राहत होतो. मला मुलुंडच्या शाळेत सकाळचे सत्र असे, म्हणून साडेचारला उठावे लागे. सासूबाई त्या वेळी चौऱ्याहत्तर वर्षांच्या होत्या, हिंडत्याफिरत्या. पहाटे तीन वाजता त्यांना जाग येई. दिवा लावावयाच्या नाहीत, पण अंधारात वाकळ घडी करीत, डबा उघडून सुपारी शोधीत, पुटपुटत जप करीत. स्टीलच्या डब्याचे झाकण पहाटे तीन वाजता किती मोठ्याने वाजते हे ज्या दोन खोल्यांत राहिल्या आहेत त्यांनाच कळेल. माझा दीड तास रोज जाई. मी चिडत असे. "तुम्हांला झोप का येत नाही?" असे मी त्यांना विचारी, जणू काही ती त्यांनी कोठे लपवून ठेवली होती. त्या म्हणत, "अगं, झाली माझी झोप." ते मला खोटे वाटे.

शेजारच्या वहिनींना त्यांच्या दुखण्यासाठी झोपेच्या गोळ्या मिळत. त्यांनी मला एक पट्टी दिली. अगदी हलकी आहे, काही होत नाही, असेच त्याही म्हणाल्या होत्या. मी सासूबाईंना रात्रीच्या दुधाबरोबर आधी अर्धी, मग अख्खी गोळी देऊ लागले. शक्तीची आहे म्हणून सांगितले. त्या सहा वाजेपर्यंत निजू लागल्या. घरात सर्वांना बरे वाटले, मला सर्वांत जास्त. दिवसा त्या जरा सुस्त दिसत, बोलताना शब्द विसरत. मी म्हटले, वय झाले. बाराव्या रात्री त्या मोरीकडे जाण्यासाठी उठल्या आणि उंबऱ्याशी पडल्या. खुब्याचे हाड मोडले.

इस्पितळात डॉक्टरांनी विचारले, "ह्यांना कोणती औषधे चालू आहेत?" मी म्हटले, "काही नाही."

शस्त्रक्रिया झाली. त्या चालावयास लागल्या, पण चौकटीच्या आधाराने. खाली बसून वाती वळणे, उंबऱ्यावर रांगोळीची दोन बोटे ओढणे संपले. पुढे दोन वर्षांनी त्या गेल्या. गोळीचे मी त्यांना सांगितले नाही, ह्यांनाही कित्येक वर्षे सांगितले नाही. श्रावणातल्या त्या मंगळवारी मी गप्प राहिले ते ह्याच लाजेने. बोलावयाचे तर सगळेच बोलावे लागले असते.

आणि नंतर, पुस्तके वाचताना, मी एके दिवशी साधा हिशेब मांडला. आमच्या घरी मुले बाहेरच्या खोलीत अभ्यासाला बसत, म्हणून सासूबाई आठ वाजताच आतल्या खोलीत आडव्या होत. आठ ते तीन म्हणजे सात तास. त्यांची झोप पुरी होत होती. त्या खरे बोलत होत्या. त्यांना काहीही झालेले नव्हते. त्यांना साडेदहापर्यंत आमच्यात बसवून घेतले असते, तर त्या पाच-साडेपाचला उठल्या असत्या आणि माझ्या डब्याची पोळीसुद्धा लाटली असती.

म्हणून माझी पहिली विनंती अशी की, घरातल्या म्हाताऱ्या माणसाला किंवा स्वतःला निद्रानाश आहे असे ठरविण्यापूर्वी हा हिशेब करा. दुपारची झोप त्यात धरा, टीव्हीपुढची डुलकी धरा, प्रवचनातलीही धरा. एक-दोन आठवडे कॅलेंडरच्या चौकटीत लिहून ठेवले तर आणखी चांगले. माझ्या पाहण्यात निम्म्याजणींचा हिशेब सात तासांवर जातो.

आणि ज्यांचा जात नाही, त्यांना? गोळीविना झोप सुधारण्याची एक रीत आता चांगली पारखली गेली आहे. इतकी, की २०१६ साली अमेरिकेतल्या वैद्यांच्या मोठ्या संस्थेने जुनाट निद्रानाशावर आधी हीच रीत वापरावी, औषध नंतर, असे सांगितले. तिच्यातल्या बहुतेक गोष्टी स्वयंपाकघरातल्या शिस्तीसारख्या आहेत. उठण्याची वेळ ठरवावी आणि रात्र कशीही गेली तरी त्या वेळी उठावे. निजण्याची वेळ मात्र झोप ठरवील. आपण उलट करतो. काल झोप नाही म्हणून आज साडेआठलाच अंथरुणात जातो आणि दीड तास छताकडे पाहतो. अंथरुणाला मग जागरणाची सवय लागते. रिचर्ड बूट्झिन नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९७२ साली एक साधा नियम घालून दिला: अंथरूण फक्त झोपेसाठी ठेवा, आणि झोप येत नसेल तर तेथून उठा. घड्याळ पाहू नये, अंदाजाने पंधरा-वीस मिनिटे झाली असे वाटले की उठावे, मंद दिव्यात खुर्चीवर बसावे, काही कंटाळवाणे करावे आणि डोळे जड झाले की परत जावे. पुन्हा झोप आली नाही तर पुन्हा उठावे. पहिले आठ-दहा दिवस हे फार जिवावर येते. एका खोलीच्या घरात तर कोठे जाणार हा प्रश्नच आहे. माझी खुर्ची स्वयंपाकघराच्या खिडकीशी, गॅसच्या टाकीला टेकून आहे. कंटाळवाणे म्हणून मी मंडळाचे जुने जमाखर्च वाचते. खजिनदारबाईंनी राग मानू नये.

ह्याहून कडक उपाय म्हणजे अंथरुणातला वेळच कमी करणे. नऊ तास पडून पाच-साडेपाच तास झोप लागत असेल, तर काही दिवस सहाच तास अंथरुणात राहावयाचे. झोप सलग लागू लागली की दर आठवड्याला पंधरा-वीस मिनिटे वाढवावयाची. पाच तासांच्या खाली मात्र कधी जाऊ नये. ऐकताना हा छळ वाटतो. मी स्वतः केला तेव्हा पहिल्या आठवड्यात मी भाजीत दोनदा मीठ घातले. तिसऱ्या आठवड्यात, किती वर्षांनी कोण जाणे, मला चार तास सलग झोप लागली. ज्यांना फिट्स येतात, ज्यांना मनाच्या आजारासाठी उपचार चालू आहेत किंवा ज्या गाडी चालवितात, त्यांनी हे डॉक्टरांना विचारल्यावाचून करू नये.

सकाळचा उजेड हे फुकटचे औषध आहे, पण आपल्याला त्याची वेळ सांभाळली पाहिजे. फार पहाटे जाग येणाऱ्यांनी संध्याकाळचे ऊन जास्त घ्यावे, म्हणजे घड्याळ थोडे मागे सरकते. रात्री उशिरा झोप येणाऱ्यांनी सकाळी गच्चीवर जावे. माझा मुद्दा आमच्या वयाच्या बायकांसाठी आहे: पाच ते साडेसहा सोसायटीच्या बाकावर बसा, घरात दिवे लावून मालिका पाहू नका. दुपारी निजावयाचे तर तीनच्या आत आणि वीस-पंचवीस मिनिटे. त्याहून जास्त झाले की गाढ झोप लागते, उठल्यावर डोके जड होते आणि रात्रीची भूक मरते. चरकसंहितेत आहार, निद्रा आणि ब्रह्मचर्य हे शरीराचे तीन उपस्तंभ सांगितले आहेत, आणि दिवसा झोपण्याची मोकळीक ग्रीष्म ऋतूपुरती दिली आहे. वृद्ध, बालके, आजारी आणि थकलेले ह्यांना तेथे सूट आहे, हे मी मुद्दाम सांगून टाकते, नाहीतर तुम्ही घरी जाऊन शोधून काढालच.

जायफळाविषयी मला हटकून विचारतात. गरम दूध पिऊन बरे वाटते, त्यात चिमूटभर जायफळ घालावे, त्यात वावगे काही नाही. पण चमचाभर घालू नये. जायफळ जास्त झाले तर गरगरते, उलट्या होतात, भ्रमही होतो. आणि रात्री उठावे लागत असेल, तर दूध, पाणी जे काही प्यावयाचे ते निजण्याच्या दोन तास आधी. रक्तदाबाची लघवी वाढविणारी गोळी चालू असेल तर ती सकाळी घेता येईल का, हे डॉक्टरांना विचारावे. मोरीच्या वाटेवर छोटा दिवा ठेवावा. हे मी सांगावयास नको.

काही त्रास मात्र ह्या रीतींनी जाणार नाहीत. मोठ्याने घोरणे, घोरता घोरता श्वास अडकणे, सकाळी डोके दुखणे, दिवसभर पेंग, ह्याला तपासणी लागते. पाळी गेल्यावर बायकांत हे वाढते, पण घोरणे हे पुरुषांचे लक्षण समजून आपण लाजतो. श्वासाचा मार्ग हवेच्या दाबाने उघडा ठेवणारे यंत्र १९८१ सालापासून वैद्यकात आहे आणि त्याने माणसे अक्षरशः बदललेली मी पाहिली आहेत. रात्री पोटऱ्या शिवशिवणे, पाय हलविल्यावाचून न राहवणे, ह्यात पुष्कळदा लोह कमी असते. रक्तातले फेरिटिन तपासून घ्यावे. आणि पहाटे जाग येऊन उगाच रडू येत असेल, कशातच मन लागत नसेल, तर ते झोपेचे दुखणे नव्हे, मनाचे आहे आणि तेही बरे होते. आपल्यातल्या ज्यांचे सोबती गेले आहेत त्यांनी हे विशेष ऐकावे.

आता गोळीचे. ज्यांना डॉक्टरांनी तपासून, थोड्या दिवसांसाठी दिली आहे, त्यांच्याविषयी मला काही म्हणावयाचे नाही. पण आपल्या वयात ह्या जातीच्या गोळ्यांनी तोल जातो, पडणे आणि हाड मोडणे वाढते, विसराळूपणा येतो. अल्प्राझोलामसारख्या गोळ्यांची विक्री दुकानदाराने वेगळ्या वहीत डॉक्टरांच्या आणि रोग्याच्या नावानिशी नोंदवावी, असा नियम २०१४ पासून आहे. तो काही उगीच नाही. भजनाच्या सतरंजीवर मात्र अशी वही नसते. आणि ज्या बरेच महिने घेत आहेत त्यांनी माझे ऐकून आज रात्रीपासून बंद करू नये. एकदम बंद केल्यास जीव घाबरतो, झोप पूर्वीपेक्षा बिघडते, क्वचित फिट्ससुद्धा येतात. डॉक्टरांच्या सल्ल्याने हळूहळू, थोडी थोडी कमी करावयाची असते. त्या काळात ज्यांना सोबत हवी असेल त्यांच्याबरोबर डॉक्टरांकडे मी येईन. मला वेळ आहे.

मी पावणेचारला उठते. पूर्वी त्याचे वाईट वाटे. आता साडेदहाला निजते, त्यामुळे ते पाचावर आले आहे. मधूनमधून पावणेचार होतातच. तेव्हा खिडकीशी बसले की समोरच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर एक दिवा दिसतो, आणि पहिली लोकल गेली की तो मालवतो. कोणाचा तो मी ओळखले आहे. बाई, तेवढा वरचा मोठा दिवा न लावता टेबलावरचा लहान लावीत जा.

पाच वाजत आले. कार्यकारिणीने सर्वांसाठी चहा सांगितला होता. मी सकाळीच जाऊन तो बदलून कोकम सरबत करावयास सांगितले आहे. चिटणीसबाईंना हे आत्ताच कळते आहे, त्यांची मी क्षमा मागते.